मौलाना आझाद ‘अल अझर’ला शिकलेच नव्हते, मग शिकले कुठे?

तलावपाळी

११ नोव्हेंबर, राष्ट्रीय शिक्षण दिन. लेकीच्या शाळेत वर्गाबाहेरचा फलक सजवायचा होता आणि यंदा ते काम आमच्या गळ्यात पडलं. मजकूर शाळेचा, चारच ओळी. जन्म मक्का. शिक्षण अल अझर विद्यापीठ, कैरो. देशाचे पहिले शिक्षणमंत्री. भारतरत्न. रात्री साडेदहाला जांभळी नाक्यावरून आणलेल्या सोनेरी कागदावर दुसरी ओळ चिकटवताना हात थांबला. मौलाना अल अझरला शिकलेच नव्हते. १९०८ मध्ये ते कैरोला गेले होते खरे, पण तिथली शिकवण्याची तऱ्हा त्यांना अगदीच सदोष वाटली, हे त्यांनी स्वतःच आत्मकथनात सांगितलंय. बुद्धीला चालना नाही आणि जुनी विद्याही धड नाही, असा त्यांचा शेरा. म्हणजे ज्या संस्थेला माणसानं नापास केलं, तिचीच पदवी आपण त्याच्या गळ्यात घालतोय!

बाईंना मेसेज केला. उत्तर आलं, ‘सर, सगळीकडे असंच आहे. उद्या आठला फलक लागला पाहिजे.’ लागला. अल अझरसकट.

मग हा माणूस शिकला कुठे? घरी. आणि ते घर साधं नव्हतं. वडील मौलाना खैरुद्दीन आलिम म्हणजे धर्मपंडित होते, शिवाय पीर, मुरीदांचा म्हणजे शिष्यांचा मोठा गोतावळा. खैरुद्दीन यांचे आईकडचे आजोबा हिंदुस्थानातल्या परिस्थितीला विटून मक्केला निघाले, वाटेत भोपाळला असताना सत्तावन्नचा उठाव झाला, दोन वर्षं तिथेच अडकले आणि शेवटी मुंबईपर्यंत पोचून मुंबईतच वारले. खैरुद्दीन पुढे गेले, मक्केत स्थायिक झाले, अरब घराण्यातल्या मुलीशी लग्न केलं. मक्केला पाणी पुरवणारा झुबैदा कालवा दुरुस्त करायला त्यांनी वीस लाखांची वर्गणी गोळा केली होती, असं मौलाना सांगतात. १८८८ मध्ये मुलगा झाला. पुढे जेद्दात पडून वडिलांच्या नडगीचं हाड मोडलं, नीट बसेना, म्हणून कलकत्त्याच्या शल्यवैद्यांना दाखवायला कुटुंब १८९० मध्ये आलं ते तिथलंच झालं. एक नडगी मोडली नसती तर आपल्या फलकावर हे नावच नसतं.

खैरुद्दीनना नव्या शाळा नकोत आणि कलकत्त्याचा सरकारी मदरसाही पटेना. आधी स्वतः शिकवलं, मग विषयागणिक उस्ताद घरी बोलावले. दर्स-ए-निझामी हा जुना अभ्यासक्रम पुरा करायला साधारण वयाची वीस ते पंचवीस वर्षं उजाडत, कारण शेवटी स्वतः विद्यार्थ्यांना शिकवून दाखवावं लागे. हा मुलगा सोळाव्या वर्षी मोकळा! वडिलांनी पंधराएक विद्यार्थी जमवले आणि सोळा वर्षांच्या पोरानं त्यांना तत्त्वज्ञान, गणित आणि तर्कशास्त्र शिकवलं. (आमच्याकडे सोळाव्या वर्षी मुलं दहावीच्या निकालाला नवस बोलतात.)

पण मला खरी गंमत त्यानंतर वाटते. सर सय्यद अहमदांचं लिखाण हाती पडलं आणि इंग्रजीशिवाय गत्यंतर नाही हे कळलं. एका मौलवींकडून अक्षरओळख करून घेतली आणि पुढे स्वतःच. बायबलची इंग्रजी, फारसी आणि उर्दू अशी तिन्ही भाषांतरं शेजारी शेजारी ठेवून वाचायची, नंतर शब्दकोश घेऊन वर्तमानपत्रं. त्याच काळात घरून आलेल्या श्रद्धेवरचा विश्वास उडाला. सगळे धर्म एकच सत्य सांगतात म्हणतात, तर मग भांडतात का? आणि एकाच धर्मातले पंथ एकमेकांना पाखंडी का ठरवतात? दोनतीन वर्षं ही तगमग चालली. त्यातून बाहेर पडताना नाव घेतलं ‘आझाद’. आपण समजतो इंग्रजांपासून आझाद. ते आधी वारशानं आलेल्या समजुतींपासून आझाद होते. वडिलांची गादीही नाकारली, पीर व्हायचं नाही म्हणाले.

पुढचं बरंचसं ठाऊक असतं. जुलै १९१२ मध्ये कलकत्त्याहून ‘अल हिलाल’ साप्ताहिक, वय तेवीस. उर्दू पत्रं तेव्हा शिळाछापावर निघायची, यानं छपाईचे धातूचे खिळे वापरले, चित्रं छापली. दोन वर्षांत खप आठवड्याला २६,००० वर गेला, जो उर्दूत कुणी ऐकला नव्हता. सरकारनं आधी २,००० रुपये जामीन मागितला तो जप्त केला, मग १०,००० मागितला तोही गिळला. १९१४ मध्ये अंक बंद. दुसरं पत्र काढलं, ‘अल बलाघ’. १९१६ मध्ये बंगालमधून हद्दपार, रांचीत स्थानबद्ध, थेट १९१९ संपेपर्यंत. सुटल्यावर जानेवारी १९२० मध्ये गांधीजींची पहिली भेट, १९२३ मध्ये पस्तिशीच्या आत काँग्रेसचं अध्यक्षपद, १९४० ते ४६ पुन्हा अध्यक्ष आणि स्वातंत्र्यानंतर मरेपर्यंत शिक्षणमंत्री.

हे सगळं खरं, पण माझी खंत वेगळी आहे. कुराणाचं उर्दू भाषांतर आणि भाष्य, ‘तर्जुमान-उल-कुराण’, हे त्यांच्या आयुष्याचं काम. दोन खंड आले, १९३१ आणि १९३६ मध्ये. तिसरा आलाच नाही. कुराणाच्या तीस भागांपैकी अठरा झाले. १९३६ नंतर बावीस वर्षं माणूस जिवंत होता, पण बैठका, तुरुंग, वाटाघाटी, फायली. राजकारणाला एक मंत्री मिळाला आणि एक पुस्तक अर्धं राहिलं. तुम्हाला काय वाटतं, सौदा फायद्याचा झाला का?

---

पोहेप्रेमी

वाचनखूण साठवली. नडगीचा किस्सा माहीत नव्हता. बाकी ‘उद्या आठला फलक लागला पाहिजे’ हे आपल्या शिक्षणव्यवस्थेचं घोषवाक्य होऊ शकतं.

---

सानपाडाकर

लेख छान, पण आरती जरा जास्त झाली. दोन गोष्टी राहिल्यात, मुद्दाम की अनवधानानं माहीत नाही.

एक. १९२० मध्ये खिलाफतीच्या, म्हणजे तुर्की खलिफाला वाचवायच्या चळवळीच्या भरात याच मौलानांनी हिजरतचा फतवा दिला. इंग्रजांच्या राज्यात राहणं मुसलमानाला योग्य नाही, देश सोडा. हजारो गरीब माणसं जमीनजुमला, गुरं मिळेल त्या भावाला विकून अफगाणिस्तानकडे चालू लागली. तिकडच्या अमीरानं थोड्याच दिवसांत दार लावलं. कितीतरी वाटेत मेली, उरलेली परत आली ती कफल्लक होऊन. मौलाना स्वतः गेले नाहीत. आणि ज्या खलिफासाठी हे चाललं होतं, तो तुर्कांनीच मार्च १९२४ मध्ये काढून टाकला.

दोन. सगळ्या हिंदी मुसलमानांचा एक इमाम असावा आणि तो आपण व्हावं, असाही त्यांचा तेव्हा विचार होता. बाकीच्या उलेमांनी, म्हणजे धर्मपंडितांनी, मान्य केलं नाही म्हणून राहिलं. तेव्हा ‘धर्म सोडून राजकारणात आले’ वगैरे नाही. धर्म घेऊनच आले होते.

---

तलावपाळी

सानपाडाकर, हिजरतचा मुद्दा मान्य. लिहायला हवा होता. टाळला, कारण तो मला पचत नाही. त्या फतव्याचं समर्थन करता येत नाही.

पण ‘धर्म सोडून आले’ असं मीही म्हटलेलं नाही. उलट १९२० चे आणि १९४० चे मौलाना शेजारी ठेवून बघा. रामगढ काँग्रेसच्या अध्यक्षीय भाषणात ते म्हणतात, मी मुसलमान आहे, तेराशे वर्षांचा वारसा माझा आहे, त्यातला कणही सोडणार नाही, आणि त्याच दमात सांगतात की मी या देशाच्या अखंड राष्ट्रीयत्वाचा भाग आहे, माझ्याशिवाय ही इमारत अपुरी राहील. एकाच माणसाचा वीस वर्षांतला प्रवास आहे हा. माणसं शिकतात हो.

---

कौसावाली

इथे सहसा लिहीत नाही, वाचनमात्र असते. पण तर्जुमानचं नाव निघालं म्हणून लॉगिन केलं.

आमच्या घरी मुंब्र्यात तर्जुमानचा पहिला खंड आहे. नानांचा. आम्ही मूळ कल्याण खाडीकडचे कोकणी मुसलमान, घरात बोलायला कोकणी-मराठी आणि कपाटात उर्दू, असा मामला. पुठ्ठा निखळलाय, कणा नानांनीच खाकी चिकटपट्टीनं बांधलेला. २००५ च्या २६ जुलैला तळमजल्याच्या खोलीत पाणी शिरलं तेव्हा खालच्या फळीवरचं सगळं गेलं, हा वरच्या फळीवर होता म्हणून वाचला. मागची काही पानं फुगलेली आहेत, ती वेगळीच कडकड वाजतात.

त्याच्या अर्पणपत्रिकेबद्दल कुणी लिहिलं नाही म्हणून मी सांगते. मौलानांनी हा ग्रंथ वडिलांना अर्पण केला नाही, गांधीजींनाही नाही. रांचीला स्थानबद्ध असतानाची, डिसेंबर १९१८ ची गोष्ट आहे. रात्रीची इशाची नमाज करून मशिदीतून बाहेर पडले तर मागून कुणीतरी येतंय असं वाटलं. वळून पाहिलं तर घोंगडी पांघरलेला एक माणूस. काही काम आहे का? हो, फार लांबून आलोय. कुठून? सरहद्दीपलीकडून. कंदाहारचा होता. क्वेट्ट्यापर्यंत पायी आला, तिथे व्यापाऱ्यांकडे चाकरी धरली, त्यांच्याबरोबर आग्र्यापर्यंत पोचला आणि तिथून पुन्हा चालत रांचीला. कशासाठी? कुराणातल्या काही जागा समजत नव्हत्या. अल हिलाल आणि अल बलाघचं अक्षर न् अक्षर वाचलं होतं, उरलेलं विचारायला आला होता.

काही दिवस राहिला आणि एक दिवस न सांगता निघून गेला. मौलानांना वाटलं, परतीच्या वाटखर्चाला पैसे देऊ करतील या भीतीनं गेला असावा. ग्रंथ छापायची वेळ आली तेव्हा त्यांना त्याचं नावही आठवत नव्हतं. आठवत नाही असं सरळ लिहून त्यांनी ग्रंथ त्यालाच अर्पण केला.

नाना हे पान वाचून दाखवायचे तेव्हा ‘पैसे देतील म्हणून गेला’ या जागी प्रत्येक वेळी चष्मा काढायचे. पुसायचे, परत लावायचे.

---

जुनं_ठाणं

कौसावाली, लिहीत जा हो. असे प्रतिसाद वाचायला तर आम्ही इथे येतो.

---

पोहेप्रेमी

+१. कंदाहार ते रांची पायी, आणि मी विटाव्याहून ठाणे स्टेशनला रिक्षा मिळत नाही म्हणून वाचनालयाचं पुस्तक तीन आठवडे परत केलं नाही.

---

तलावपाळी

कौसावाली, या भाष्यात नेमकं वेगळं काय, ते थोडं सांगाल का? मी भाषांतरांवर भागवलंय.

---

कौसावाली

माझं उर्दू आणि माझी समज, दोन्हीच्या मर्यादेत सांगते.

पहिल्या खंडाचा मोठा भाग फक्त सूरह फातिहावर आहे. फातिहा म्हणजे सात आयती, आम्ही नमाजेच्या प्रत्येक रकातीत, म्हणजे प्रत्येक आवर्तनात, म्हणतो. त्यातल्या ‘रब’ या एका शब्दावर ते पानंच्या पानं लिहितात. रब म्हणजे नुसता मालक नाही. एखाद्या गोष्टीला तिच्या गरजेप्रमाणे, पायरीपायरीनं, पूर्णत्वाला नेईपर्यंत सांभाळणारा. आई तान्ह्याला आधी दूध देते, मग मऊ भात, मग भाकरी, तसं. (भात-भाकरी माझी, मौलानांची नव्हे. दुधापर्यंत तेही आहेत.) आणि हा रब ‘रब्बुल आलमीन’ आहे, सगळ्या जगांचा, एका जमातीचा नाही.

दुसरी गोष्ट म्हणजे ‘दीन’ आणि ‘शरिअत’ यांत ते फरक करतात. दीन म्हणजे गाभा, एक ईश्वर आणि सदाचरण, तो सगळ्यांना एकच मिळालाय. शरिअत म्हणजे रीत, ती काळाप्रमाणे आणि देशाप्रमाणे निराळी असणारच. लोकांनी रीतीला गाभा समजून भांडणं केली. यावर उलेमांनी त्यांना बरंच सुनावलं, की मग रसूलवर ईमान आणण्याचं, म्हणजे पैगंबरावर श्रद्धा ठेवण्याचं काय? नमाज-रोज्याचं काय? आमच्या ओळखीतले एक मौलवी आजही म्हणतात, मौलाना लिहितात बहारदार, पण फातिहात घसरले.

तलावपाळी म्हणतात त्या सोळाव्या वर्षीच्या प्रश्नाचं उत्तर मला इथे दिसतं. सगळे एकच सत्य सांगतात तर भांडतात का? पंचविसेक वर्षांनी माणसानं स्वतःलाच उत्तर दिलं. त्यामुळे तिसरा खंड राहिला याचं मला तितकं वाईट वाटत नाही. जे सांगायचं होतं ते पहिल्यातच सांगून झालं होतं.

आणि राजकारणामुळे राहिला म्हणता, पण राजकारणानं आधीचाही खाल्ला होता. १९२१ च्या अटकेत पोलिसांनी झडतीत हस्तलिखितं उचलून नेली. परत मिळाली तेव्हा फाटक्या, विस्कटलेल्या पानांचा ढीग होता. काही वर्षं त्यांना लेखणी उचलवेना. मग सगळं नव्यानं लिहिलं, आणि पहिल्या खंडाची प्रस्तावना १९३० मध्ये मेरठच्या तुरुंगात पुरी केली.

---

खाडीपूल

हे सगळं ठीक, पण मूळ मुद्द्यावर कुणी येत नाही. १९४६! देश एकसंध ठेवून सत्ता सोपवायची ब्रिटिशांच्या कॅबिनेट मिशनची योजना काँग्रेस आणि मुस्लिम लीग दोघांनी मान्य केली होती. मौलाना अध्यक्षपदी राहिले असते तर फाळणी टळली असती, हे त्यांनी स्वतःच लिहिलंय. अध्यक्षपद सोडून नेहरूंचं नाव पुढे केलं ही आयुष्यातली मोठी चूक, असंही. आणि १० जुलैला मुंबईत नेहरूंनी पत्रकार परिषदेत सांगितलं की घटना समितीत आम्ही कशालाही बांधील नाही. जिनांना हवं ते निमित्त मिळालं. सगळं खापर

[पुढील मजकूर संपादित. नेहरू-पटेल वादासाठी आधीच चार धागे आहेत, त्यांतले दोन कुलूपबंद आहेत. हा पाचवा करू नये. – संपादक]

---

सानपाडाकर

संपादकांनी कात्री लावली तरी मुद्दा चर्चेचा आहे, म्हणून शांतपणे लिहितो. मौलानांचं आत्मकथन हुमायून कबीर यांनी त्यांच्या उर्दू बोलण्यावरून इंग्रजीत उतरवलं, आणि ते आलं मौलानांच्या मृत्यूनंतर, १९५९ मध्ये. तीसेक पानं तीस वर्षं मोहोरबंद ठेवली होती. १९८८ मध्ये ती बाहेर येणार म्हणून केवढा गाजावाजा! उघडली तर नेहरूंवरचे शेरे थोडे आणखी तिखट, एवढंच. मला वाटतं शेवटच्या वर्षांत एक थकलेला माणूस ‘मी असतो तर’ म्हणत होता. त्याचं दुःख खरं आहे. पण एका पत्रकार परिषदेनं देश फुटत नाही.

---

जुनं_ठाणं

फाळणी बाजूला ठेवा, मी तुम्हाला रेल्वेनं नेतो. चाळीस वर्षं मध्य रेल्वेत काढलीत, दुसरं काही येत नाही.

८ ऑगस्ट १९४२ ला रात्री गोवालिया टँकवर ‘चले जाव’चा ठराव झाला. अध्यक्ष मौलाना. उतरले होते भुलाभाई देसाईंच्या बंगल्यावर. पहाटे पोलीस आले. सगळ्या नेत्यांना बोरीबंदरला आणून खास गाडीत बसवलं. चिंचवडला गांधीजी आणि त्यांच्याबरोबरच्यांना उतरवून आगाखान पॅलेसला नेलं, बाकीच्यांना घेऊन गाडी नगरला गेली. आता बोरीबंदरहून चिंचवडला जायचं म्हणजे आपल्या ठाण्यावरूनच की. खाडी ओलांडून, पारसिकच्या डोंगरातून कल्याण, कर्जत आणि घाट. १८५३ मध्ये देशातली पहिली प्रवासी गाडी जिथे आली त्याच फलाटांच्या कडेनं, ९ ऑगस्टच्या सकाळी, राष्ट्रीय काँग्रेसची जवळपास अख्खी कार्यकारिणी कैद होऊन गेली. माझे वडील तेव्हा नऊ वर्षांचे, चेंदणीत राहायचे. त्यांनी ती गाडी पाहिली होती का, हे मी त्यांना कधी विचारलंच नाही. असे प्रश्न आपल्याला माणूस गेल्यावर सुचतात.

वाटेत एका स्टेशनात जमावावर लाठ्या पडताना दिसल्या तेव्हा नेहरू खिडकीतून उडी मारून धावले. आपले शंकरराव देवही उतरले, ते गाडीत परत चढेनात म्हणून पोलिसांनी त्यांना उचलून आत घातलं.

नगरच्या किल्ल्यात बारा जण होते. मौलाना, नेहरू, पटेल, पंत, कृपलानी, नरेंद्र देव, देव अशी सगळी मंडळी. जवळपास तीन वर्षं.

---

कौसावाली

आणि त्या किल्ल्यात मौलानांनी ‘घुबार-ए-खातिर’ लिहिलं. एका मित्राला लिहिलेली पत्रं, किल्ल्यातून एकही टपालात पडलं नाही. कारण बाहेर जाऊच देत नव्हते! तुरुंगाच्या अधिकाऱ्याचं नाव त्यांनी ‘चीता खान’ पाडलं होतं, चांदबिबीच्या काळातल्या किल्ल्यातल्या माणसावरून. पहाटे तीन-चारला उठायचे आणि स्वतः चहा करायचे. चिनी, चमेलीच्या वासाचा, बिनदुधाचा. दूध आणि साखर घालून पितात त्याला ते चहा मानतच नसत, पातळ हलवा म्हणायचे.

---

पोहेप्रेमी

हे जरा अति होतंय. देशभक्ती, विद्वत्ता, सगळं मान्य. पण ठाणे पश्चिमेला रिक्षा स्टँडसमोरच्या कटिंगला पातळ हलवा?

---

सानपाडाकर

खरं सांगू का, तिथे पातळ हलवाच असतो.

---

कौसावाली

:) चिमण्यांचंही एक प्रकरण आहे त्यात. खोलीच्या छतात चिमण्यांनी घरटी केली, काड्या आणि पिसं सगळी टेबलावर. मौलानांनी छत्री उगारून युद्ध पुकारलं, बांबू आणला, हरले. मग तह केला. तांदूळ ठेवले आणि सोफ्यावर दगडासारखे बसून राहिले. दाणे रोज थोडे जवळ. शेवटी चिमण्या तळहातावर येऊन टिपायला लागल्या. काँग्रेसचा अध्यक्ष, बाहेर देश पेटलाय, आणि हा माणूस पापणी न हलवता बसलाय.

त्याच पुस्तकात बेगमच्या मृत्यूचं पत्र आहे. झुलेखा बेगम कलकत्त्यात आजारी होत्या. सरकारकडे विनंती केली असती तर सुटका मिळण्याजोगी होती, पण सरकारकडे काही मागायचं नाही हे ठरलेलं. ९ एप्रिल १९४३ ला त्या गेल्या. मौलाना लिहितात की वरून आपण नेहमीसारखे राहिलो, दिनक्रम बदलला नाही, पण तो देखावा होता. किल्ल्याच्या आवारात एक जुनी कबर होती, कुणाची कोण जाणे. तिच्याकडे शेकडो वेळा नजर गेली असेल, पण आता बघताना जिव्हाळा वाटतो, असं काहीसं आहे. हे पत्र मी दोनदाच वाचलंय. दुसऱ्यांदा घरात आजारपण होतं.

---

जुनं_ठाणं

१९४५ मध्ये त्यांना बंगालात बांकुऱ्याला हलवलं आणि १५ जूनला तिथून सोडलं. म्हणजे नगरात गेले तेव्हा बायको होती, घरी परतले ते रिकाम्या घरात.

---

सानपाडाकर

इथे काही बोलणं बरं दिसत नाही, पण शिक्षणमंत्री म्हणून हिशेब व्हायला हवा. धागा शिक्षण दिनावरून निघालाय ना?

उच्च शिक्षणाचं श्रेय द्यायलाच हवं. १९४८ मध्ये राधाकृष्णन आयोग, १९५१ मध्ये खरगपूरची पहिली आयआयटी, १९५३ मध्ये विद्यापीठ अनुदान आयोग, साहित्य-संगीत-ललितकला या तिन्ही अकादम्या १९५३-५४ मध्ये. पण गावातल्या चौथीचं काय? स्वातंत्र्याआधीच्या सार्जंट योजनेत सगळ्या मुलांना शाळेत आणायला चाळीस वर्षं धरली होती. मौलानांना ते फार वाटलं, आपल्या बाळासाहेब खेरांच्या समितीनं सोळा वर्षांत करू म्हटलं, घटनेनं तर दहाच वर्षं लिहिली. प्रत्यक्षात २००९ उजाडलं कायदा व्हायला. मोठमोठ्या इमारतींना पैसे आणि पायाला आश्वासन, ही सवय तेव्हापासूनची.

---

तलावपाळी

अर्धं मान्य. शिक्षण तेव्हा राज्यांकडे होतं, समवर्ती सूचीत आलं ते १९७६ मध्ये. दिल्लीतून मौलाना प्राथमिक शाळा काढू शकत नव्हते, पैसा मागू शकत होते, आणि तो त्यांना धरणांपुढे आणि पोलादापुढे कधी पुरेसा मिळाला नाही. पण ते खात्यात रोज उठून भांडणारे मंत्रीही नव्हते. इंग्रजी समजायचं, पण बोलायचे उर्दूच. संध्याकाळी कुणाला भेटत नसत. फायलीवरचा मंत्री म्हणून त्यांना पैकीच्या पैकी मी देणार नाही.

संगीत नाटक अकादमीवरून आठवलं. ज्या घरात दर्स-ए-निझामी चालायचा त्या घरातला हा मुलगा चोरून सतार शिकला होता. आग्र्याला असताना चांदण्या रात्री सतार घेऊन ताजमहालापाशी जाऊन वाजवायचे, हेही त्याच तुरुंगातल्या पत्रांत आहे. मौलवी, सतार, ताजमहाल आणि चांदणं. सिनेमावाल्याला सांगितलं तर म्हणेल जरा कमी करा.

---

खाडीपूल

संपादकांच्या कात्रीचा मान राखून एकच विचारतो. ऑक्टोबर १९४७ मध्ये दिल्लीच्या जामा मशिदीतून निघून चाललेल्या मुसलमानांना थांबा म्हणणारं भाषण याच माणसाचं ना? ते कुणी लिहा. मी लिहिलं तर परत कात्री.

---

कौसावाली

मी लिहिते, थोडक्यात. आधी ते रागावतात. मी हाक मारली तेव्हा तुम्ही माझी जीभ कापलीत, लेखणी उचलली तेव्हा हात तोडलेत, चालू लागलो तेव्हा पाय. मग सूर बदलतो. या मशिदीचे मिनार तुम्हाला विचारतायत, कुठे चाललात? कालच तर यमुनेच्या काठी तुमच्या काफिल्यांनी वजू केला होता, नमाजेआधी हातपाय धुतले होते.

नाना म्हणायचे, १९२० ला ज्यानं जा म्हटलं त्यानंच १९४७ ला थांबा म्हटलं. सानपाडाकरांचा हिजरतचा मुद्दा वाचल्यापासून मला हे सारखं आठवतंय. नाना ते कौतुकानं म्हणायचे की टोचून, ते मला अजून ठरवता आलेलं नाही.

---

सानपाडाकर

माझं उत्तर बहुतेक तुमच्या नानांनी आधीच दिलंय. थांबतो.

---

जुनं_ठाणं

नगरचा किल्ला (आता अहिल्यानगर म्हणायचं) लष्कराच्या ताब्यात आहे, पण नेते होते ती बराक बघता येते, ओळखपत्र लागतं. जानेवारीत जायचं का? मी तिकिटांचं बघतो. कौसावालींनी ‘घुबार’ आणावं, पण तर्जुमानचा खंड घरीच ठेवावा, आधीच एक पूर बघितलाय त्यानं.

---

कौसावाली

येते. पोहेप्रेमींसाठी चमेलीचा चहा थर्मासमध्ये आणते, बिनदुधाचा.

---

पोहेप्रेमी

मी कर्जतला वडापाव आणि पातळ हलवा घेईन, माझी काळजी नको.

---

तलावपाळी

धाग्याची शेवटची बातमी. पालकसभेत मी बाईंना आत्मकथनातलं ते पान दाखवलं. त्यांनी खरंच मनावर घेतलं, दुसऱ्या दिवशी ओळ बदलली. अल अझर खरवडून त्यावर नवी पट्टी: ‘शिक्षण : घरी’. सोनेरी कागद थोडा फाटलाय, पण चालेल.

आज लेक सांगत आली, वर्गातल्या एकानं विचारलं, म्हणजे लॉकडाऊनमध्ये का?